पालवणकर बाळू : दाम आणि मान

पुण्याच्या कॅम्पात गोऱ्या साहेबांचा पूना क्लब होता. १८९२ च्या सुमारास तिथे सोळा-सतरा वर्षांचा एक मुलगा कामाला लागला. खेळपट्टीवर रोलर फिरवायचा, चुन्याने रेषा आखायच्या, सरावाची जाळी उभारायची, टेनिसची कोर्ट नीट ठेवायची, ही त्याची कामे. पगार महिना चार रुपये. त्याआधी तो पारशांच्या एका क्लबात महिना तीन रुपयांवर होता. तिथे झाडलोट करता करता सभासदांना अधूनमधून चेंडू टाकायची संधी मिळायची. मुलाचे नाव बाळू. जन्म मार्च १८७६ मधला, धारवाडचा. घराणे मूळचे कोकणातल्या पालवणचे, म्हणून आडनाव पालवणकर. जात चांभार. वडील पलटणीत नोकरीला होते. बाळू आणि धाकटा शिवराम लष्करी छावणीच्या आसऱ्याने वाढले आणि अधिकाऱ्यांनी टाकून दिलेल्या बॅटी-चेंडूंवर क्रिकेट शिकले.

त्याच काळात पृथ्वीच्या दुसऱ्या टोकाला, अमेरिकेतल्या पिट्सबर्ग शहरात, १२ नोव्हेंबर १८९२ रोजी फुटबॉलचा एक सामना झाला. हा फुटबॉल आपल्याकडचा नव्हे. त्यात अंडाकृती चेंडू हातात धरून धावायचे असते आणि समोरच्याने धावणाऱ्याला जमिनीवर पाडायचे असते. पज हेफेलफिंगर नावाच्या धिप्पाड गड्याने अ‍ॅलेगेनी क्लबतर्फे खेळून सामना जिंकून दिला. क्लबच्या हिशेबवहीत त्याच्या नावापुढे ५०० डॉलर लिहिले गेले. खेळण्यासाठी दिलेले आणि लेखी नोंद असलेले हे पहिले मानधन. अमेरिकन फुटबॉलचा पहिला व्यावसायिक खेळाडू म्हणून आज त्याचेच नाव घेतात. पण त्या वेळी ही रक्कम गुपचूप दिली होती आणि तिचा उलगडा व्हायला अनेक दशके जावी लागली. खेळावे ते हौसेखातर, पैशासाठी खेळणारा हलका, अशी त्या काळच्या सभ्य समाजाची समजूत होती.

इंग्लंडात या समजुतीला रिवाजाचेच रूप आले होते. हौशी खेळाडू ते ‘जंटलमेन’, पैसे घेणारे ते ‘प्लेअर्स’. दोघांचे कपडे बदलायचे खण वेगळे आणि पुष्कळ ठिकाणी मैदानात उतरायची फाटकेही वेगळी. गोलंदाजीचे कष्ट बहुतेक करून प्लेअर्सनी करायचे आणि कर्णधारपद जंटलमनने भूषवायचे. पुण्याच्या क्लबातही साहेबांनी हीच रीत आणली होती. बाळू तासन्‌तास चेंडू टाकत असे, पण त्याच्या हाती बॅट कधी दिली गेली नाही. फलंदाजी हा मालकाचा मान होता, गोलंदाजी हे मजुराचे काम होते. आपल्याकडे या दोन पायऱ्यांच्या खाली जातीची तिसरी पायरी होती, आणि बाळू त्या पायरीवर उभा होता.

ग्रेग साहेबांचा सराव

क्लबात जे. जी. ग्रेग नावाचे एक लष्करी अधिकारी होते. ठेंगणे, चपळ आणि त्या वेळी हिंदुस्थानात असलेल्या गोऱ्या फलंदाजांमध्ये अव्वल. ते इतरांच्या आधी मैदानावर येत आणि बाळूला चेंडू टाकायला लावत. बाळूने बाद केले की ग्रेग त्याला आठ आणे देत, अशी आख्यायिका आहे. आख्यायिका खरी धरली तर महिन्यात आठ वेळा ग्रेगना बाद केले की पगाराइतकी वरकमाई होत होती. पण बाळूची खरी कमाई वेगळी होती. देशातल्या सर्वोत्तम फलंदाजापुढे त्याला रोज सराव मिळत होता. डाव्या हाताने संथ फिरकी टाकणारा हा मुलगा चेंडूचा टप्पा, उंची आणि वेग बदलत बदलत फलंदाजाला फसवायला शिकला.

त्याची कीर्ती पुण्यातल्या हिंदू क्रिकेटपटूंच्या कानावर गेली तेव्हा त्यांच्यापुढे पेच पडला. युरोपियन संघाला हरवायचे तर बाळू हवा होता. पण बाळूला घ्यायचे तर अस्पृश्याबरोबर खेळावे लागणार होते. काही सभासदांना तो हवा होता, काहींचा विरोध होता. बाळूला बाहेर ठेवण्यात हिंदूंचाच तोटा आहे, असे खुद्द ग्रेगनी बोलून दाखवले होते. शेवटी जिंकण्याची ओढ वरचढ ठरली आणि बाळू संघात आला.

आला, पण कसा? मैदानावर सगळे एकाच चेंडूला हात लावत होते. बाळूने टाकलेला चेंडू ब्राह्मण यष्टीरक्षक झेलत होता आणि तोच चेंडू फिरून बाळूच्या हाती येत होता. चहापानाची वेळ झाली की मात्र सवर्ण गडी तंबूत जात आणि बाळूला बाहेर, मातीच्या वेगळ्या भांड्यातून चहा मिळे. तोंड धुवायचे झाले तर पाणी घालायला दुसरा अस्पृश्य नोकर लागे. जेवणाचे ताट वेगळे आणि बसायची जागाही वेगळी. खेळ सुरू असेपर्यंत तो संघाचा होता आणि खेळ थांबला की पुन्हा जातीचा होत असे.

साताऱ्याच्या गोऱ्या जिमखान्याविरुद्ध पुण्याच्या हिंदूंचा सामना ठरला. बाळूची फिरकी चालू नये म्हणून यजमानांनी खेळपट्टीवर कित्येक दिवस रोलर फिरवून ती घट्ट करून ठेवली होती, असे सांगतात. त्या खेळपट्टीवरही बाळूने सात बळी घेतले. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांनी जाहीर समारंभात बाळूला हार घातला. ज्याच्याबरोबर खेळता त्याच्याबरोबर बसून चहा प्यायला हरकत काय, असा त्यांचा पुणेकरांना रोखठोक सवाल होता. रानडे हे काही क्रिकेटचे जाणकार नव्हते. या खेळात त्यांना समाजाच्या वागण्यातली विसंगती उघडी पडलेली दिसली होती, आणि ती त्यांनी चारचौघांत सांगितली.

मुंबई आणि १९०६

१८९६-९७ मध्ये मुंबई-पुण्यात प्लेगने थैमान घातले. इकडे आमच्या वऱ्हाडात १८९६-९७ आणि १८९९-१९०० असे दोन दुष्काळ पडले आणि माणसे देशोधडीला लागली. हातावर पोट असलेल्याने गाव सोडून पोटापाण्यासाठी शहर गाठावे, असा तो काळ होता. बाळूही प्लेगच्या त्या दिवसांत पुणे सोडून मुंबईला आला. तिथे त्याला रेल्वेत नोकरी मिळाली आणि रेल्वेच्या संघात जागाही मिळाली. मुंबईत परमानंददास जीवनदास हिंदू जिमखाना १८९४ साली स्थापन झाला होता. तिथेही बाळूला घ्यायला काही सभासदांचा विरोध होता. कर्णधार कीर्तिकरांनी आग्रह धरला म्हणून दार उघडले. पाठोपाठ शिवरामही आला. तो फलंदाज होता आणि उत्तम क्षेत्ररक्षकही.

फेब्रुवारी १९०६ मध्ये बॉम्बे जिमखान्याच्या मैदानावर हिंदू विरुद्ध युरोपियन असा सामना झाला. बंगालच्या फाळणीला काहीच महिने झाले होते. स्वदेशीची हवा तापली होती. आदल्याच वर्षी जपानने रशियाला हरवल्याने आशियातली माणसे गोऱ्यांना नमवू शकतात हा विश्वास वाढला होता. अशा वेळी क्रिकेटचा सामना नुसता सामना राहत नाही.

हिंदूंनी पहिल्या डावात २४२ धावा केल्या. युरोपियन १९१ धावांत बाद झाले. दुसऱ्या डावात हिंदूंच्या १६० धावा झाल्या, म्हणजे युरोपियनांना जिंकायला २१२ हव्या होत्या. त्यांचा डाव १०२ धावांत आटोपला आणि हिंदू १०९ धावांनी जिंकले. दोन्ही डाव मिळून बाळूने आठ बळी घेतले. समाजसुधारकांच्या ‘इंडियन सोशल रिफॉर्मर’ या साप्ताहिकाने या विजयाचे महत्त्व ओळखले. पुण्यात बाळूबरोबर फक्त खेळणारे हिंदू मुंबईत त्याच्याबरोबर जेवायलाही बसू लागले, याची या पत्राने दखल घेतली आणि बाकीच्या समाजाने क्रिकेटपटूंपासून धडा घ्यावा, असे सुचवले.

अमेरिकेतही अशाच एका खेळाडूला मैदानावर जागा आणि मैदानाबाहेर अपमान असे जिणे वाट्याला आले होते. सप्टेंबर १९०४ मध्ये ओहायो राज्यातल्या शेल्बी गावाच्या फुटबॉल संघाने चार्ल्स फॉलिस या कृष्णवर्णीय खेळाडूशी पगाराचा करार केला. अमेरिकन फुटबॉलमधला तो पहिला कृष्णवर्णीय व्यावसायिक. प्रतिस्पर्धी त्याच्यावर मुद्दाम धडकत, प्रेक्षकांतून शिव्या येत. त्याचा एकेकाळचा सहकारी ब्रँच रिकी हे सारे पाहत होता. पुढे याच रिकीने बेसबॉलमध्ये जॅकी रॉबिन्सनला करारबद्ध केले आणि त्या खेळातली रंगभेदाची भिंत पाडली. फॉलिसला आणि बाळूला एकमेकांचे नावही ठाऊक असायचे कारण नव्हते. तरी दोघांच्या आयुष्यातले गणित एकच होते. त्यांच्या ताकदीला आणि कौशल्याला गिऱ्हाईक होते. त्यांच्या शेजारी बसायला मात्र माणूस मिळत नव्हता.

विलायतेतला उन्हाळा

१९११ साली हिंदुस्थानचा पहिला सर्वजातीय संघ इंग्लंडला निघाला. कर्णधार होते पतियाळाचे तरुण महाराजा भूपिंदरसिंग. त्या वर्षी पंचम जॉर्जचा राज्याभिषेक होता. महाराजांचा बराच वेळ दरबारी भेटीगाठींत गेला आणि संघातला एक नामवंत फलंदाज, त्यांचे सचिव मिस्त्री, यांनाही त्यांनी आपल्याजवळ ठेवून घेतले. उरलेल्या संघाने प्रथम श्रेणीचे १४ सामने खेळले, १० गमावले आणि अवघे दोन जिंकले.

या पडझडीत एक माणूस पाय रोवून उभा राहिला. बाळूचे वय पस्तिशीला पोचले होते आणि खांदा दुखत होता. तरीही त्याने संपूर्ण दौऱ्यात ११४ बळी घेतले, त्यांतले ७५ प्रथम श्रेणीच्या सामन्यांतले होते. केंब्रिज विद्यापीठाविरुद्ध एकाच डावात १०३ धावांत ८ बळी, ही त्याची सर्वोत्तम कामगिरी. लेस्टरशायरवर मिळवलेल्या विजयात त्याने दोन डावांत ११ गडी टिपले. दुसरा विजय सॉमरसेटवरचा, आणि त्यात शिवरामने नाबाद शतक ठोकले. दौऱ्यातल्या दोन्ही विजयांवर पालवणकर बंधूंची मोहोर होती. संघाचे नेतृत्व राजाकडे होते आणि तो जिंकत होता ते चांभाराच्या दोन मुलांमुळे.

परतल्यावर मुंबईत अस्पृश्य समाजाने बाळूचा सत्कार केला. त्या वेळच्या मानपत्राचा मजकूर एल्फिन्स्टन कॉलेजात शिकणाऱ्या एका विशीतल्या तरुणाने लिहिला होता. तो तरुण म्हणजे भीमराव रामजी आंबेडकर. तोवर अस्पृश्य समाजातल्या कुणाचेही नाव वर्तमानपत्रांतून असे सर्वांच्या तोंडी झाले नव्हते. शाळेत वेगळी बसवली गेलेली, पाण्याला हात लावू न दिलेली मुले बाळूकडे पाहत होती, आणि आपल्यातला माणूस विलायतेत साहेबांना बाद करतो हे त्यांना कळले होते.

कर्णधार कोण

बाळूला आता पैसा मिळत होता, प्रसिद्धी होती, ताटही पंक्तीत आले होते. फक्त एक गोष्ट मिळत नव्हती, ती म्हणजे कर्णधारपद. १९१२ पासून युरोपियन, पारशी, हिंदू आणि मुसलमान यांची चौरंगी स्पर्धा सुरू झाली. हिंदू संघात बाळूइतका अनुभवी खेळाडू नव्हता. तरी दर वर्षी नेतृत्व दुसऱ्याकडे जाई. १९१३ साली कर्णधार झालेल्या एम. डी. पै यांनी आपल्या सत्काराच्या वेळी मोकळ्या मनाने सांगितले, की हा मान वयाने आणि योग्यतेने बाळूचा होता. निवड समितीवर त्याचा परिणाम झाला नाही.

अंग मोडून कष्ट करणाऱ्याला संघात घ्यायला समाज तयार होतो, कारण त्यात फायदा असतो. त्याचा हुकूम मानायची वेळ आली की खरी परीक्षा लागते. कर्णधार म्हणजे जो तुम्हाला कुठे उभे राहायचे ते सांगतो. चांभाराच्या सांगण्यावरून ब्राह्मणाने सीमारेषेवर जाऊन उभे राहायचे, हे पचायला एका ताटात जेवण्याहून अवघड होते.

१९२० साली हा प्रश्न पेटला. पै आजारी होते. बाळू आता चव्वेचाळीस वर्षांचा, त्याला संघातून वगळले गेले. पण धाकटा भाऊ विठ्ठल संघातला नामी फलंदाज होता आणि कर्णधारपदावर त्याचा हक्क होता. ते मिळाले दि. ब. देवधरांना. देवधर मोठे खेळाडू होते यात वाद नाही, पण विठ्ठल अनुभवाने थोर होता. यावर विठ्ठल आणि शिवराम या दोघांनी संघातून अंग काढून घेतले आणि जाहीर पत्रक काढले. केवळ जातीमुळे आम्हाला डावलले गेले आणि हा अपमान आम्ही सहन करणार नाही, असा त्याचा आशय होता. ज्यांना पाव शतकापूर्वी तंबूबाहेर चहा घ्यावा लागला त्यांच्या घरातून आता जाब विचारला जात होता. महात्मा गांधींची अस्पृश्यतेविरुद्धची वाणी तेव्हा देशभर पोचत होती. लोकमत भावांच्या बाजूने झुकले. पुढच्या सामन्याला पै परतले, तिघे भाऊ संघात आले आणि बाळूला उपकर्णधार केले गेले. सामना चालू असताना पै मुद्दाम काही काळ मैदानाबाहेर गेले आणि तेवढा वेळ हिंदू संघाचे नेतृत्व पालवणकर बाळूने केले.

याच १९२० साली अमेरिकेत फुटबॉलची ती व्यावसायिक संघटना जन्मली, जिचे नाव पुढे नॅशनल फुटबॉल लीग झाले. पहिल्या वर्षीचे विजेते अ‍ॅक्रन प्रोज. त्यांचा सर्वात चपळ खेळाडू फ्रिट्झ पोलार्ड कृष्णवर्णीय होता. सहकाऱ्यांबरोबर कपडे बदलायची त्याला मुभा नव्हती. मालकाच्या सिगारच्या कारखान्यात कपडे चढवून तो मैदानावर येई. १९२१ साली तो खेळाडू असतानाच संघाच्या दोन प्रशिक्षकांपैकी एक झाला. पण १९३४ पासून बारा वर्षे त्या लीगने कृष्णवर्णीय खेळाडूंना दारच बंद केले. पोलार्डनंतर दुसरा कृष्णवर्णीय मुख्य प्रशिक्षक नेमला जायला १९८९ साल उजाडले. तिथेही खेळाडू म्हणून घेणे सोपे गेले, हुकूम देण्याच्या जागी बसवणे सर्वात जड गेले.

आपल्याकडे तीनच वर्षांत पुढचे पाऊल पडले. १९२३ साली विठ्ठल पालवणकर हिंदू संघाचा कर्णधार झाला आणि त्या वर्षी हिंदूंनी स्पर्धा जिंकली. लोकांनी त्याला खांद्यावर घेतले. त्या खांद्यांमध्ये सवर्णांचे खांदेही होते. विठ्ठलने पुढे आपल्या आठवणी ‘माझे क्रीडाजीवन’ या नावाने मराठीत लिहिल्या, त्या १९४८ साली प्रसिद्ध झाल्या.

मैदानाबाहेरचा डाव

बाळूच्या प्रथम श्रेणीतल्या कारकिर्दीचा हिशेब ३३ सामने आणि १५.२१ च्या सरासरीने १७९ बळी असा आहे. हिंदुस्थानचा पहिला कसोटी सामना १९३२ साली झाला, तोवर तो छप्पन वर्षांचा होता. कसोटीपटू हे बिरूद त्याच्या नशिबी नव्हते.

त्याच १९३२ च्या सप्टेंबरात बाळू वेगळ्याच मैदानावर उभा होता. अस्पृश्यांना स्वतंत्र मतदारसंघ द्यावेत या मागणीवर डॉ. आंबेडकर ठाम होते. गांधीजींनी त्याविरुद्ध येरवड्याच्या तुरुंगात उपोषण आरंभले. बाळू अस्पृश्यांचे दुसरे नेते एम. सी. राजा यांच्याबरोबर संयुक्त मतदारसंघाच्या बाजूने राहिला. २४ सप्टेंबरला झालेल्या पुणे करारावर आंबेडकरांच्या सहीबरोबर बाळूचीही सही आहे. १९३७ च्या मुंबई विधानसभेच्या निवडणुकीत काँग्रेसने त्याला थेट आंबेडकरांसमोर उभे केले. आंबेडकरांना १३,२४५ मते मिळाली, बाळूला ११,२२५. तरुणपणी ज्याने मानपत्र लिहिले त्याच्याकडूनच मानपत्र घेणारा हरला.

या पराभवाकडे कुणी बाळूची शोकांतिका म्हणून पाहू नये. दोघांचे मार्ग त्यांच्या अनुभवातून आले होते. बाळूने आयुष्यभर पाहिले होते, की आपले काम चोख केले, धीर धरला, तर समोरचा एकेक पाऊल मागे सरतो. मातीच्या भांड्यापासून उपकर्णधारपदापर्यंतचा रस्ता त्याने असाच चालून संपवला होता. आंबेडकरांनी पाहिले होते, की एका गुणवंताला वर घेऊनही मागे राहिलेल्या लाखोंची पाणवठ्यावरची जागा बदलत नाही. मतदारांनी दुसरी बाजू उचलली आणि इतिहासाने तिचे बळ सिद्ध केले. पण पहिली बाजूही खोटी नव्हती, कारण ती एका माणसाने स्वतःच्या डाव्या हाताने कमावली होती.

४ जुलै १९५५ रोजी मुंबईत बाळूचे निधन झाले. त्याच्या तीन वर्षे आधी, १९५२ साली, इंग्लंडने आपल्या कसोटी संघाचे नेतृत्व लेन हटन या व्यावसायिक खेळाडूकडे सोपवले होते आणि कर्णधार म्हणून त्याचा पहिला कसोटी सामना भारताविरुद्धच होता. विसाव्या शतकात पैसे घेणाऱ्याला कसोटी कर्णधार नेमायला क्रिकेटच्या जन्मभूमीला त्या शतकाचा मध्य गाठावा लागला. हे ध्यानात घेतले म्हणजे पगार आणि जात अशी दोन्ही ओझी पाठीवर असलेल्या पालवणकरांनी १९२० ते १९२३ या काळात काय मिळवले, त्याचे मोल कळते.

आज वऱ्हाडातल्या मोताळ्यात किंवा मलकापुरात क्रिकेट खेळणारी मुले मोबाइलवर खेळाडूंचे लिलाव पाहतात आणि कोटींचे आकडे पाठ म्हणतात. खेळून पोट भरता येते, घर उभे राहते, ही चांगलीच गोष्ट आहे, आणि त्यासाठी आधीच्या कित्येक पिढ्यांनी हलकेपणा सोसला आहे. पण बाळूचे आयुष्य या मुलांना आणखी एक गोष्ट सांगते. दाम कौशल्याला मिळतो आणि तो बाजार ठरवतो. मान आपोआप मिळत नाही. बाळूने पाव शतक अप्रतिम गोलंदाजी केली तरी कर्णधारपद त्याच्याकडे चालत आले नाही. ते हलले ते दोन भावांनी आपली जागा सोडून स्पष्ट शब्दांत कारण सांगितले तेव्हा, आणि पैंसारखा सवर्ण सहकारी स्वतःहून बाजूला झाला तेव्हा. अंगी गुण हवाच, पण गुणाच्या जोडीला जाब विचारायचे धैर्य हवे आणि ज्याच्याकडे जागा आहे त्याच्यात ती सोडण्याचे मोठेपण हवे. ही तिन्ही एकत्र आली तेव्हाच खेळाने समाजाला पुढे नेले, आणि पुढेही तशीच एकत्र आली तरच नेईल.